राष्ट्रपुरुषांची स्मारके आणि गावाची जबाबदारी

हैदराबाद मुक्तिसंग्रामाचे नेते स्वामी रामानंद तीर्थ हे १९३८ च्या सत्याग्रहापूर्वी काही वर्षे बीड जिल्ह्यातील मोमिनाबाद, म्हणजे आजच्या अंबाजोगाई येथे शिक्षणकार्य करीत होते. १९७२ साली त्यांचे निधन झाले. १९७४ साली याच गावी सुरू झालेले ग्रामीण वैद्यकीय महाविद्यालय आज त्यांचे नाव धारण करते. खेड्यापाड्यांतील रुग्णांची सेवा करणारे असे स्मारक क्वचितच आढळते.

बहुतेक गावांना मात्र पुतळाच हवा असतो आणि त्यात गैर काही नाही. अडचण येते ती घाईमुळे. जयंती जवळ आली की चौथरा आधी आणि अर्ज नंतर, असा क्रम घडतो. सार्वजनिक रस्ते व पदपथ यांवर पुतळ्यास परवानगी देऊ नये, असा सर्वोच्च न्यायालयाचा १८ जानेवारी २०१३ चा आदेश आहे. राज्य शासनाच्या २ मे २०१७ च्या निर्णयाने मार्गदर्शक सूचना दिल्या असून जिल्हाधिकाऱ्यांची पूर्वपरवानगी आवश्यक आहे. मातीच्या प्रतिकृतीस कला संचालनालयाची मान्यता लागते. ही अट निव्वळ कागदी नव्हे. चेहऱ्यातील दोष मातीत तासाभरात सुधारतो. धातू ओतल्यावर तो कायमचा राहतो.

चौथऱ्याची झाडलोट, रात्रीचा दिवा व राखण कोणाकडे, हेही ग्रामपंचायतीने ठरावातच लिहून ठेवावे. पुतळ्यास अपाय झाला तर त्याची झळ साऱ्या गावाला बसते आणि तेव्हा जबाबदार माणूस शोधूनही सापडत नाही.