विश्लेषण : श्रोताच रंगमंचावर! रेडिओतून जन्मलेली प्रयोगकला म्हणजे काय?

चिखली तालुक्यातील उंद्रीसारख्या गावाच्या वाट्याला रेडिओच्या बाबतीत कायम ऐकणेच आले. माईक शहरात, कान गावात. बाजारभाव असोत वा नभोनाट्य, श्रोत्याच्या हाती होते ते फक्त केंद्र बदलण्याचे आणि आवाज कमी-जास्त करण्याचे बटण. काही कलावंतांनी मात्र हा श्रोता आणि त्याचे बटण दोन्ही थेट रंगमंचावर आणले. कसे, ते पाहू.

श्रोत्याला भूमिका कोणी दिली?

जर्मन नाटककार बर्टोल्ट ब्रेख्त यांनी. आकाशवाणीत काम केलेल्या पु. ल. देशपांडे यांनी त्यांच्याच नाटकावरून ‘तीन पैशाचा तमाशा’ (१९७८) लिहिले. एकट्याने अटलांटिक ओलांडणारे वैमानिक लिंडबर्ग यांच्या उड्डाणावरची ब्रेख्त यांची संगीतिका जुलै १९२९ मध्ये जर्मनीतील बाडेन-बाडेन येथे सादर झाली. रंगमंचाच्या एका बाजूला गायक-वादक, म्हणजे ‘रेडिओ’. दुसऱ्या बाजूला ‘श्रोता’ आणि वैमानिकाची भूमिका त्याच्याकडे! रेडिओने नुसते ऐकवू नये, ऐकणाऱ्यालाही बोलू द्यावे, असा ब्रेख्त यांचा आग्रह होता.

रेडिओचे वाद्य कसे झाले?

अमेरिकी संगीतकार जॉन केज यांनी १९५१ मध्ये १२ रेडिओ आणि २४ वादक घेऊन एक रचना सादर केली. प्रत्येक संचावर दोघे. एक केंद्र बदलणार, दुसरा आवाज कमी-जास्त करणार. कोणी काय आणि कधी करायचे, हे नाणी उडवून आधीच लिहिलेले. हवेतून काय येईल, ते मात्र कोणाच्याच हाती नाही. न्यूयॉर्कमधील पहिल्या प्रयोगाला रात्री इतका उशीर झाला, की बरीच केंद्रे बंद झाली होती. केज यांच्या लेखी ती शांतता आणि खरखर हाही प्रयोगाचाच भाग होता.

हा प्रयोग उंद्रीत होईल?

होईल, आणि रात्री अधिक रंगेल. दिवसा वातावरणाचा एक थर मध्यमलहरी शोषून घेतो. सूर्यास्तानंतर तो विरळ होतो आणि वरच्या थरावरून परावर्तित होऊन शेकडो किलोमीटरवरची केंद्रे लागतात. दूर कुठे वीज चमकली, तर तिची कडकड आणि शेजारच्या चार्जरची घरघरही ऐकू येते.

मग घाई कशाची?

मोबाइल अॅपमध्ये दोन केंद्रांच्या मधली जागाच नसते. एक तर केंद्र लागते, नाहीतर लागत नाही. त्यात मध्यमलहरींचे ट्रान्समीटर अनेक देशांत बंद होत आहेत, भारतातही बरेच बंद झाले. ते गेले, की हे वाद्यही मुके होईल.

म्हणून माळ्यावरचा जुना संच भंगारात देण्याआधी एकदा सेल घालून पाहा. बारा नसले तर तीन संचही चालतील. प्रत्येकावर दोघे बसवा आणि एक नाणे घ्या. आजवर गावाने रेडिओ ऐकला, त्या रात्री गाव तो वाजवेल.