जुन्या चित्रफितीची साक्ष

श्रोतेहो, दांडीयात्रेचे १९३० सालचे चित्रण आपण कधीतरी पाहिले असेल. काही वेळा ते असे दाखवतात की गांधीजी पुढे, मंडळी मागे आणि सगळे जणू धावतच सुटले आहेत. गांधीजी भरभर चालत, हे खरेच. पण इतके नव्हे! वरवट बकालच्या शाळेत ते असे दाखवले तर मुले हसतील. त्यांचे चुकले असे मी म्हणणार नाही. चूक दाखवणाऱ्याची.

त्याचे असे आहे. मूकपटांच्या काळी कॅमेरा बहुधा हाताने फिरवीत. सेकंदाला साधारण १६ ते १८ चित्रे उमटत. बोलपट आला आणि आवाजासाठी वेग कायमचा ठरला, सेकंदाला २४. आता १६ च्या वेगाने घेतलेली फीत २४ ने सोडा. मिनिटभराची चाल ४० सेकंदांत उरकते. यावर जुना उपाय म्हणजे दर दोन चित्रांतले एक दोनदा छापायचे. दोनाची तीन होतात. चाल जराशी अडखळते, पण माणूस माणसासारखा चालतो. हल्ली संगणक मधली चित्रे नवी रचून देतो. दिसते छान, मात्र ती चित्रे कॅमेऱ्याने कधी पाहिलेलीच नसतात.

वेग निदान दुरुस्त करता येतो. पण मुळात फीत कशाची, हेच चुकले तर? रँग्लर परांजपे डिसेंबर १९०१ मध्ये विलायतेहून परतले, तेव्हा मुंबईतल्या त्यांच्या स्वागताचे चित्रण हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी केले. आपल्याकडचा हा अगदी पहिल्या वार्तापटांपैकी एक. ती फीत आज हाती नाही. म्हणून अनुबोधपटात त्या प्रसंगी दुसरीच कुठली तरी गर्दी दाखवायची आणि गप्प बसायचे, ही माझ्या मते सरळ लबाडी. ‘हे चित्रण त्या प्रसंगाचे नाही’ एवढे निवेदकाने सांगितले म्हणजे झाले.

फाळक्यांच्या बाबतीत तर जाणकारही घोटाळ्यात पडतात. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ ला मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये लागला. मूळ चार रिळे. त्यांतली पहिले आणि शेवटचे एवढीच उरली, असे आपण ऐकत आलो. पण फाळक्यांनी तोच विषय १९१७ साली पुन्हा चित्रित केला होता, आणि उरलेली रिळे त्या दुसऱ्या चित्रपटाची आहेत, असे काही अभ्यासकांचे मत आहे. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापनाच मुळी १९६४ ची. तोवर मूकपट किती तरी नष्ट झाले होते. ती नायट्रेटची फीत भलतीच ज्वालाग्राही. तेव्हा ही दृश्ये वापरताना ‘१९१३’ असे ठामपणे लिहू नये.

आपल्या शाळेच्या कपाटातही स्नेहसंमेलनाची एखादी कॅसेट असेल. तिच्यावर नुसते ‘कार्यक्रम’ लिहिलेले असते. गुरुजी, साल लिहा, कुणी चित्रण केले ते लिहा. आणि चेहरे ओळखणारी वडीलधारी मंडळी गावात आहेत तोवर त्यांना बसवून नावे विचारून घ्या.