फ्रेंच बोलता येत नाही, तरी फ्रेंच शब्दांच्या खेळात जगज्जेता! कोण आहेत नायजेल रिचर्ड्स?

ज्या भाषेत धड बोलता येत नाही, त्याच भाषेच्या शब्दखेळात तिथल्या लोकांना हरवायचं. असं होऊ शकतं का? न्यूझीलंडच्या नायजेल रिचर्ड्स यांनी हे फ्रेंच आणि स्पॅनिश अशा दोन भाषांत करून दाखवलंय.

खेळाचं नाव स्क्रॅबल. 225 घरांचा पट असतो. प्रत्येकाकडे अक्षरांच्या सात सोंगट्या. त्या जोडून पटावर शब्द मांडायचा. अवघड अक्षराला जास्त गुण, आणि सातही सोंगट्या एकाच डावात लावल्या तर 50 गुण जादा. शब्द ठरलेल्या यादीत असला म्हणजे झालं, अर्थ कुणी विचारत नाही. खरी गोम इथंच आहे.

1967 साली जन्मलेले रिचर्ड्स हा खेळ शिकले ते 28 व्या वर्षी, आईकडून. 1997 मध्ये रात्रभर सायकल चालवत राष्ट्रीय स्पर्धेला गेले, पहिल्याच फटक्यात जिंकले आणि सायकलवरच घरी परतले! पुढं इंग्रजीत 2007, 2011, 2013, 2018 आणि 2019 अशी पाच जागतिक विजेतेपदं मिळवली. त्यातली 2019 ची स्पर्धा तर आपल्या शेजारी गोव्यातच झाली होती.

2015 मध्ये त्यांनी नऊ आठवडे फ्रेंच शब्दांची यादी पाठ केली आणि थेट फ्रेंचची जागतिक स्पर्धा जिंकली. नंतर बोलायला मात्र दुभाषी लागला. 2024 मध्ये स्पेनच्या ग्रानाडात स्पॅनिशचीही स्पर्धा जिंकली. 24 पैकी एकच डाव हरले.

नुसत्या पाठांतरावर हे जमत नाही. कोणत्या सोंगट्या पटावर आल्या, पिशवीत कोणत्या उरल्या, कुठल्या घरात जास्त गुण, हा हिशोब सतत डोक्यात चालू ठेवावा लागतो.

हे वाचून मला घरचंच आठवलं. पोरगी रोज इंग्रजी स्पेलिंग घोकते, मार्कही चांगले पडतात. परवा फवारणीच्या औषधाच्या डब्यावरचं वाचायला दिलं, तर तिनं सगळे शब्द वाचले, पण पंपाला किती टाकायचं ते सांगता येईना. शेवटी दुकानदाराला फोन लावला.

रिचर्ड्स यांचं पाठांतर थोरच, पण त्यांच्या पटावर अर्थ लागत नाही. आपल्याला पावलोपावली लागतो. म्हणून आज पोरांनी दहा स्पेलिंग म्हणून दाखवली, तर त्यातल्या दोन शब्दांचा अर्थही विचारून बघा.