मॉन्टी पायथन : पाच शिलेदारांचा शेवटचा खेळ

'मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस' ही विनोदी मालिका ५ ऑक्टोबर १९६९ रोजी बीबीसीवर सुरू झाली आणि १९७४पर्यंत तिचे ४५ भाग झाले. ग्रॅहम चॅपमन, जॉन क्लीझ आणि एरिक आयडल केंब्रिजचे. टेरी जोन्स आणि मायकेल पेलिन ऑक्सफर्डचे. टेरी गिलियम मूळचा अमेरिकी. मालिकेचे लेखन या सहा जणांचेच आणि बहुतेक भूमिकाही त्यांच्याच.

त्या काळी विनोदी प्रवेश हमखास टाळीच्या वाक्यावर संपे. पायथन मंडळींनी त्या वाक्यालाच फाटा दिला. प्रवेश ऐन रंगात असताना एखादा कर्नल येऊन तो बंद पाडी, नाहीतर गिलियमच्या कात्रणचित्रांतला अजस्र पाय वरून येऊन सगळे चिरडून टाकी. तो पाय सोळाव्या शतकातल्या ब्राँझिनोच्या चित्रातून उचललेला होता. गाजलेल्या एका प्रवेशात गिऱ्हाईक मेलेला पोपट परत करायला येते आणि तो नुसता विसावा घेतोय, हे दुकानदाराचे पालुपद काही केल्या सुटत नाही. दोघेही जराही हसत नाहीत. गंमत त्यातच आहे.

आपल्या लेखनाला कोणी हात लावलेला त्यांना खपत नसे. १९७५मध्ये अमेरिकेतील एबीसी वाहिनीने दीड तासाच्या कार्यक्रमातली २४ मिनिटे कापली, तेव्हा ते कोर्टात गेले. १९७६मध्ये अपील न्यायालयाने त्यांची बाजू उचलून धरली. 'लाइफ ऑफ ब्रायन' (१९७९) या त्यांच्या चित्रपटातून ईएमआयने ऐनवेळी अंग काढून घेतले, तेव्हा बीटल्सचा जॉर्ज हॅरिसन पैसा घेऊन उभा राहिला.

मालिकेच्या विसाव्या वाढदिवसाच्या आदल्याच दिवशी, ४ ऑक्टोबर १९८९ रोजी, चॅपमन गेला. उरलेले पाच जण जुलै २०१४मध्ये लंडनच्या ओटू अरेनात एकत्र आले. 'स्पॅमलॉट' या संगीत नाटकाच्या मानधनावरून एका निर्मात्याने भरलेला खटला ते २०१३मध्ये हरले होते. त्याचा खर्च भागवणे हेही पुनर्मीलनाचे एक कारण होते. पहिल्या प्रयोगाची तिकिटे मिनिटभराच्या आत संपली आणि एकाचे दहा प्रयोग झाले. चॅपमन जुन्या चित्रफितींतून पडद्यावर आला. प्रयोगाचे उपशीर्षकही पायथनी होते : एक गेला, पाच बाकी. २० जुलैचा अखेरचा खेळ चित्रपटगृहांतही थेट दाखवला गेला.

नको असलेल्या ईमेलला 'स्पॅम' म्हणतात, ते त्यांच्याच एका प्रवेशावरून. 'पायथन' या संगणकभाषेचे नावही या मालिकेचेच. जानेवारी २०२०मध्ये स्मृतिभ्रंशाच्या आजाराने जोन्सचे निधन झाले आणि ओटूमधला खेळ त्या पाच जणांचा शेवटचा ठरला.