डब्यासोबतचा कागद

१५ ऑगस्ट १९४७चे सत्तांतर टिपायला सरकारकडे स्वतःचे वृत्तपट पथकच नव्हते. इंग्रजांनी युद्धप्रचारासाठी चालवलेला ‘इंडियन न्यूज परेड’ १९४६मध्येच गुंडाळला गेला होता. त्यामुळे दर ऑगस्टला टीव्हीवर दिसणारी त्या दिवसांची बरीचशी दृश्ये खासगी कॅमेरामन आणि परदेशी वृत्तसंस्थांच्या डब्यांतून आलेली आहेत. ती उणीव भरायला १९४८मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजन उभे राहिले.

पेडर रोडवरच्या या संस्थेचा ‘इंडियन न्यूज रिव्ह्यू’ सिनेमाआधी दाखवणे थिएटरांना सक्तीचे होते. धरणांची उद्घाटने, परदेशी पाहुणे, पूर, क्रिकेट. प्रेक्षक तेवढ्यात चहा उरकून घेत! आज माहितीपटवाले याच रिळांसाठी अर्ज करतात.

पण रीळ हाती येणे म्हणजे अर्धेच काम. कॅमेरामन चित्रित फिल्मच्या डब्यासोबत एक कागद पाठवत असे. धंद्यात त्याला डोप शीट म्हणतात. तारीख, जागा, कोण कुठे उभे, कोणता शॉट कशानंतर. त्यावरून ग्रंथपाल शॉटची यादी करत असे आणि त्या यादीमुळेच पुढे कुणाला ‘हिराकूड, १९५७, नेहरू’ असे मागता येते. कागद हरवला की तेच दृश्य ‘एक धरण, एक गर्दी’ होऊन बसते. मग ते कुठल्याही निवेदनाखाली निमूटपणे बसवता येते, आणि बसवतातही.

आवाजाची गोष्ट आणखी नाजूक. वृत्तपटाचे शॉट बहुतेक मुकेच घेतले जात. निवेदन, संगीत, गर्दीचा गलका हे सगळे नंतर संकलनाच्या टेबलावर चढे. त्या फिल्ममधल्या टाळ्या त्या मैदानातल्या असतीलच असे नाही. माहितीपटवाल्याने त्यावर पुन्हा नवा गलका चढवला, तर ती माझ्या मते सरळ फसवणूक आहे.

विठ्ठलभाई झवेरींचा गांधीजींवरचा ‘महात्मा’ (१९६८) मला म्हणूनच आवडतो. सुमारे साडेपाच तासांचा हा कृष्णधवल चित्रपट जुन्या चित्रफितींवर उभा आहे. कॅमेरा जिथे पोचलाच नव्हता तिथे झवेरींनी छायाचित्रे, जुनी चित्रे आणि ॲनिमेशन वापरले. प्रसंग नटांकडून उभे करून घेणे सोपे गेले असते.

मार्च २०२२मध्ये फिल्म्स डिव्हिजन आणि पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय हे दोन्ही राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झाले. त्यांची जुनी रिळे स्कॅन करून फिल्मवरचे ओरखडे पुसता येतात. चौकटीच्या कडेला उभा माणूस कोण, हे मात्र डब्यासोबतच्या त्या कागदावरच शोधावे लागते.

वृत्तवाहिन्यांना इतका वेळ कुठला? पुराची बातमी आली की जुना पूर पडद्यावर येतो. भल्या संपादकाच्या राज्यात कोपऱ्यात ‘संग्रहित’ अशी पट्टी दिसते. साल आणि गावाचे नाव त्या पट्टीत सहज मावेल, तरी ते क्वचितच लिहिलेले असते.