सर्दीवर घरचा जोशांदा: कसा करावा, कोणाला द्यावा आणि कधी थांबावे

धानाची मळणी सुरू झाली की सडक अर्जुनी आणि आजूबाजूच्या गावांत खोकल्याचे दिवस येतात. पहाटे कडाक्याची थंडी, दुपारी ऊन आणि हवेत धानाचा भुसा. विदर्भातले सर्वांत कमी तापमान हिवाळ्यात कितीदा तरी गोंदियातच नोंदले जाते, हे पेपरमध्ये आपण वाचतोच. शाळेत पहिल्या तासाला फळ्यावर लिहायला वळले की मागून एकामागोमाग शिंका आणि खोकला ऐकू येतो. मधल्या सुट्टीत कुणाच्या तरी अम्मीचा फोन येतो, "मॅडम, मेडिकलमधून कोणती बाटली आणू?"

ही बाटली आणण्याची सवय किती महागात पडू शकते ते आपण अगदी जवळून पाहिले आहे. 2025 च्या सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये मध्य प्रदेशातल्या छिंदवाडा जिल्ह्यात साध्या सर्दी-तापासाठी औषध दिलेल्या 20 पेक्षा जास्त मुलांचा मृत्यू झाला. त्यातली बरीच पाच वर्षांच्या आतली होती, परासिया भागातली होती, आणि किडनी निकामी झाल्यावर अनेकांना उपचारासाठी नागपूरला आणले होते. 'कोल्ड्रिफ' नावाच्या त्या सिरपमध्ये डायएथिलिन ग्लायकॉल हे विषारी रसायन 48.6 टक्के सापडले. मर्यादा आहे 0.1 टक्के. त्यानंतर केंद्राच्या आरोग्य सेवा महासंचालनालयाने राज्यांना कळवले की दोन वर्षांखालील मुलांना खोकला-सर्दीची औषधे देऊच नयेत आणि पाच वर्षांखालच्या मुलांनाही ती सहसा देऊ नयेत.

मग आईने करायचे काय? मूल रात्रभर खोकते, तिला काहीतरी द्यावेसे वाटणारच. आपल्या घरांत याचे उत्तर आधीपासून आहे, फक्त ते नीट करायला हवे, आणि कुणाला द्यायचे नाही तेही माहीत हवे.

आधी शब्द बघू. उर्दूत आपण जोशांदा म्हणतो, तो फारसीतल्या 'जोशीदन' म्हणजे उकळणे या क्रियापदावरून आला. जे भिजत घालून काढतात त्याला हकीम लोक खेसांदा म्हणतात. मराठीत काढा, म्हणजे उकळून अर्क काढलेला. कृती शब्दातच आली! कोणती गोष्ट उकळायची आणि कोणती नुसती भिजवायची हे कळले की अर्धे काम झाले. 2020 च्या एप्रिलमध्ये कोरोनाच्या काळात आयुष मंत्रालयाने जो काढा जाहीर केला, त्यालाही 'आयुष क्वाथ'सोबत 'आयुष जोशांदा' हे नाव दिले होते. त्यात तुळस चार भाग, दालचिनी दोन भाग, सुंठ दोन भाग आणि काळी मिरी एक भाग. तीन ग्रॅम भुकटी, 150 मिली उकळते पाणी, दिवसातून एकदा किंवा दोनदा. लोकांनी मात्र तेव्हा दिवसातून पाच-पाच वेळा पिऊन तोंड आणि पोट जाळून घेतले. मसाला जास्त टाकल्याने सर्दी लवकर जात नाही.

चार जणांसाठीची कृती

गंजात चार कप पाणी घ्या. दीड इंच आले खलबत्त्यात ठेचा. किसले तरी चालते, पण ठेचल्याने रस चांगला सुटतो. सहा-सात काळी मिरी आणि तीन-चार लवंगा जाडसर कुटा, अगदी पीठ करू नका, नाहीतर गाळणीतून खाली उतरून घशाला लागते. दालचिनीचा एक लहान तुकडा, दोन वेलदोडे आणि बोटाच्या पेराएवढी मुलेठी, म्हणजे जेष्ठमध. हे सगळे थंड पाण्यातच टाका आणि मग गॅस लावा. साल, मुळी आणि कडक बी यांना वेळ लागतो. उकळी आली की आच मंद करा, झाकण ठेवा आणि दहा-बारा मिनिटे राहू द्या. चार कपांचे साधारण तीन कप झाले पाहिजेत.

आता तुळशीची दहा-बारा पाने किंवा गवती चहाच्या दोन-तीन पाती हाताने तोडून टाका, लगेच गॅस बंद करा आणि झाकून पाच मिनिटे ठेवा. बहुतेक घरांत चूक होते ती इथे. पानांचा वास म्हणजे त्यातले उडून जाणारे तेल. पाने सुरुवातीपासून उकळली की तो वास स्वयंपाकघरात पसरतो आणि कपात कडू पाणी उरते. गाळल्यावर गूळ घाला. मध घालायचा असेल तर पिण्याइतके कोमट झाल्यावर.

चहा पावडरशिवाय ज्यांना चैन पडत नाही (आमच्या घरी असे दोघे आहेत), त्यांनी पाने टाकताना एक लहान चमचा पावडर टाकावी. दूध हवे असेल तर आले आधी पाण्यात पूर्ण उकळून घ्या. कच्चे आले दुधात पडले की दूध फाटू शकते. गुळाचेही तेच, तो गॅसवरून उतरवल्यावर घाला. लिंबू पिळणार असाल तर दूध नको, हे सांगायची गरज नाही.

दवाखान्यातले लोक हसतात की काढ्याने काय होते. त्याचे उत्तर ब्रिटनमधल्या कार्डिफ विद्यापीठाच्या सर्दी केंद्रातून 2008 मध्ये आले. सर्दी झालेल्या 30 जणांना त्यांनी फळांचे एकच सरबत दिले, काहींना गरम आणि काहींना खोलीतल्या तापमानाचे. गरम पिणाऱ्यांना नाक वाहणे, खोकला आणि शिंकांसोबत घसा दुखणे, हुडहुडी आणि थकवा यांतही लगेच आराम वाटला. थंड पिणाऱ्यांना नाक, खोकला, शिंका एवढ्यातच. गंमत म्हणजे यंत्राने मोजल्यावर नाकातून जाणारी हवा दोन्हीकडे तेवढीच होती. म्हणजे नाक काही उघडले नव्हते, पण माणसाला बरे वाटले. गरम वाफ, गोडवा आणि थोडा तिखटपणा यांनी तोंडात लाळ सुटते, घसा ओला राहतो, कोरडा खोकला शांत होतो.

तेव्हा जोशांद्याकडून तेवढीच अपेक्षा ठेवा. सर्दीचे 200 पेक्षा जास्त विषाणू आहेत, त्यातला एकही लवंगेने मरत नाही. आणि अँटिबायोटिकनेही मरत नाही, ती गोळी जिवाणूंवर चालते. सर्दी सात ते दहा दिवसांत आपली आपण जाते. तोवर झोप लागावी, पाणी पोटात जावे, घसा बरा राहावा, एवढे जोशांदा करतो. पुष्कळ झाले.

हकिमी नुस्खा वेगळा

आपल्या दादी-नानी ज्याला जोशांदा म्हणायच्या त्यात बहुतेक वेळा मिरी-लवंग नसायची. युनानीतला नजल्याचा जुना नुस्खा असा: उन्नाब पाच दाणे, सपिस्तान नऊ दाणे, बेहदाना तीन ग्रॅम. गरजेप्रमाणे त्यात गावजबान, खतमी, मुलेठी किंवा बनफशा. नावे ऐकून परदेशी वाटते, पण उन्नाब हे आपल्या बोराचेच भावंड आहे आणि सपिस्तान म्हणजे भोकर. भोकराचे लोणचे घालणाऱ्यांना त्याचा चिकटपणा माहीत आहे. तो चिकटपणाच इथे कामाचा. बेहदाना पाण्यात टाकला की तासाभरात बुळबुळीत लुआब सुटतो आणि तो दुखऱ्या घशावर अस्तरासारखा बसतो. म्हणून बेहदाना उकळायचा नसतो, भिजवायचा असतो. हा झाला खेसांदा. मसाल्याचा चहा घशाला उब देतो, हा नुस्खा घसा मऊ करतो. कोरडा, खरवडणारा खोकला असेल तर मला दुसरा जास्त पसंत आहे. या वस्तू सडक अर्जुनीत मिळाल्या नाहीत तर नागपूरला जाणाऱ्या कुणालाही इतवारीतून आणायला सांगा. पुडीवर नाव लिहून घ्या, कारण घरी आल्यावर सगळी वाळलेली पाने सारखीच दिसतात.

कोणाला द्यायचा नाही

सहा महिन्यांच्या आतल्या बाळाला आईच्या दुधाशिवाय काहीही नको. काढा नाही, घुट्टी नाही, तुळशीचा रस नाही. बाळाला सर्दी झाली तर जास्त वेळा अंगावर पाजा.

एक वर्षाच्या आतल्या बाळाला मध अजिबात नको, बोटावर चाटवायलाही नको. मधात क्लोस्ट्रिडियम बोट्युलिनम नावाच्या जिवाणूचे बीजाणू असू शकतात. मोठ्यांच्या आतड्यांत ते वाढत नाहीत, तान्ह्याच्या आतड्यांत वाढून विष तयार करतात आणि बाळ लुळे पडू शकते. घरच्या गॅसवर मध उकळूनही हे बीजाणू मरत नाहीत. आपल्याकडे बाळ जन्मले की मध चाटवायची हौस फार, म्हणून मोकळेपणाने सांगते आहे. तहनीकची सुन्नत खजुराची आहे, आणि बाळ अशक्त किंवा कमी दिवसांचे असेल तर तीही डॉक्टरांना विचारूनच करा. एक वर्षानंतर मात्र रात्री झोपताना अर्धा-एक चमचा मध खोकल्यावर खरोखर चांगला. लहान मुलांच्या जोशांद्यात मिरी-लवंग नको, आले, तुळस आणि गूळ पुरे. अर्धा कप, कोमट.

बीपी असलेल्यांनी मुलेठी वगळावी. ती शरीरात मीठ-पाणी धरून ठेवते, पोटॅशियम कमी करते आणि रक्तदाब वाढवते. एक-दोन दिवसांचा प्रश्न नाही, पण रोजची सवय नको. दालचिनीचेही तसेच. बाजारात स्वस्त मिळते ती बहुतेक जाड सालीची कॅशिया असते, त्यात कुमारिन असते आणि ते जास्त झाले तर यकृताला त्रास देते. शुगर असलेल्यांनी "गूळ आहे, साखर नाही" या समाधानात राहू नये. गूळ आणि मध दोन्हींनी शुगर वाढते. कुंपणाला लावलेला अडुळसा खोकल्यावर चांगला, पण गरोदर बाईला तो देऊ नका, त्याने गर्भाशय आकुंचन पावू शकते.

आणखी एक गोष्ट आपल्या जिल्ह्यासाठी मुद्दाम. चहा पावडर घातलेला जोशांदा जेवणासोबत किंवा जेवून लगेच घेऊ नका. चहातले टॅनिन अन्नातले लोह शरीरात जाऊ देत नाही. राष्ट्रीय पोषण संस्थेच्या 2024 च्या सूचनांतही जेवणाच्या आधी आणि नंतर एक तास चहा टाळायला सांगितले आहे. आपल्याकडे मुलींमध्ये आणि बायकांमध्ये रक्त आधीच कमी, आणि लहान मुलांना चहात बिस्कीट बुडवून देणे म्हणजे नाश्ता, असे कितीतरी घरांत चालते. पावडरशिवायच्या जोशांद्याला ही अडचण नाही.

गोंदियात सिकलसेलचे रुग्ण आहेत, हे लपवण्यासारखे नाही. ज्या मुलाला सिकलसेलचा आजार आहे, त्याला ताप आला तर जोशांद्यात वेळ घालवू नका, त्याच दिवशी दवाखान्यात न्या. अशा मुलांत संसर्ग फार लवकर वाढतो आणि छातीत दुखणे, धाप लागणे ही धोक्याची खूण असते.

बाकी मुलांसाठी घड्याळ लावून श्वास मोजायला शिका. मूल शांत असताना पूर्ण एक मिनिट पोटाकडे बघत मोजा. दोन महिन्यांच्या आत 60 किंवा जास्त, दोन महिने ते एक वर्ष 50 किंवा जास्त, एक ते पाच वर्षे 40 किंवा जास्त श्वास असतील तर तो न्यूमोनिया असू शकतो. "पसली चल रही है" असे आपल्या आया म्हणतात ते अगदी बरोबर लक्षण आहे. श्वास घेताना बरगड्यांखाली खड्डा पडत असेल, मूल दूध ओढत नसेल, सुस्त पडले असेल तर रात्र असली तरी निघा. मोठ्या माणसाचा खोकला दोन आठवड्यांपेक्षा जास्त टिकला तर थुंकीची तपासणी करा. सरकारी दवाखान्यात टीबीची तपासणी आणि औषध दोन्ही मोफत आहे, आशाताईला सांगितले तरी ती व्यवस्था करून देते.

रोज्यातल्या सर्दीबद्दल बरेच जण विचारतात. रमजान दरवर्षी साधारण 11 दिवस आधी येतो, 2027 मध्ये तो फेब्रुवारीच्या पहिल्या पंधरवड्यात सुरू होईल, म्हणजे थंडीत. ताप असेल, डॉक्टरांनी वेळेवर गोळी सांगितली असेल तर आजारी माणसाला रोजा पुढे ढकलण्याची सवलत आहेच, आपल्या इमाम साहेबांना विचारून घ्या. नुसती सर्दी असेल तर सहरीला पावडरशिवायचा जोशांदा घ्या आणि वरून साधे पाणी प्या. इफ्तारला रिकाम्या पोटी मिरी-लवंगेचा कडक काढा नको, पोटात जळजळ होते. आधी खजूर आणि पाणी, मगरिबनंतर थोडे खाऊन मग जोशांदा. सहरीसाठी तो रात्रीच करून ठेवायचा असेल तर गाळून ठेवा. मसाला रात्रभर पाण्यात राहिला तर सकाळी कडू लागतो. गूळ गरम करून उतरवल्यावर घाला, आणि उरलेला दुसऱ्या दिवसासाठी ठेवू नका.