वयाचा रकाना

मुलांच्या हक्कांसाठी झगडणारी कार्यकर्ती म्हटली की मिरवणूक, फलक आणि घोषणा डोळ्यांपुढे उभ्या राहतात. परंतु २०२५च्या डिसेंबरात बेळगावच्या उद्यमबागेत जिच्या मागोमाग मी दोन दिवस हिंडलो, त्या तरुण मुलीच्या पिशवीत एक लांबट वही, एक पेन्सिल आणि एक पेन याखेरीज काही नव्हते. वहीत नाव, गाव, शाळा, वय, पुरावा असे रकाने. पैकी वयाचा रकाना आधी पेन्सिलीने भरावयाचा आणि दाखला हाती पडल्यावरच त्यावरून पेन फिरवावयाचे, हा तिचा शिरस्ता.

ओतकामाच्या भट्ट्या, यंत्रांचे सुटे भाग घडविणारी वर्कशॉपे आणि त्यांच्या पाठीमागे भाड्याच्या खोल्या, अशा या वसाहतीत पाळी सुटण्याच्या सुमारास ती चहाच्या गाड्यापाशी उभी राहते. वय मात्र ती कधीच विचारीत नाही, कारण ते उत्तर मुकादमाने आधीच पढवून ठेवलेले असते.

"शाळा सुटली तेव्हा बाकावर शेजारी कोण बसायचं रे?"

पापण्यांच्या केसांवरही साच्याची काळी माती बसलेल्या एका पोराने एक नाव सांगितले, हसला, "पाचवीत होतो तवा," असे बोलून गेला, आणि मग एकाएकी सावरून म्हणाला, "सोळा पुरी झाली, ताई."

या 'सोळा'ची मला गंमत वाटली. बालकामगार कायद्याच्या २०१६च्या दुरुस्तीनंतर चौदा ते अठरा वयाच्या मुलांनाही धोक्याच्या कामावर ठेवता येत नाही आणि ओतकाम हे कायद्याच्या धोकादायक यादीतलेच. सबब हे खोटे त्या कारखानदाराच्या काडीच्या उपयोगाचे नव्हते. त्याने नुकसान व्हायचे ते पोराचे. कारण चौदाच्या आत असल्यास वयानुरूप वर्गात बसण्याचा त्याला हक्क, आणि सोळाचा ठरल्यास तो हक्क संपला.

नंतर आम्ही त्याच्या आईला भेटलो; ती निपाणीची. लहानपणी आजीच्या मांडीशी बसून तिने विड्यांची तोंडे मुडपली होती. १९८६च्या मूळ बालकामगार कायद्याने विडी वळणे मुलांना वर्ज्य ठरविले खरे, पण घरच्या माणसांसह चालणाऱ्या कामाला त्यातून वगळले; आणि निपाणीत विडी वळली जाई ती मुख्यतः घरोघरच. निर्बंध आणि पळवाट एकाच कलमात नांदत असल्याचा याहून बोलका नमुना मला ठाऊक नाही.

जन्माचे साल तिला सांगता येईना. कार्यकर्तीने तगादा लावला नाही. त्या वेळी कुठे कामाला होता, एवढेच विचारले.

"सुवर्णसौध बांधत होते न्हवं, तिथं वाळू वाहत होतो मी. ह्यो पोटात. राष्ट्रपती येऊन गेले, आन् पुढच्या संक्रांतीला बाळंत झालो."

बेळगावच्या सुवर्ण विधानसौधाचे उद्घाटन ११ ऑक्टोबर २०१२ रोजी राष्ट्रपती प्रणव मुखर्जी यांच्या हस्ते झाले. कार्यकर्तीने बोटांवर हिशेब केला. पोराला अजून तेरावे पुरे व्हायचे होते. पण आईची आठवण कितीही अचूक असली तरी ती दप्तरी रुजू होत नाही. बालन्याय कायद्याचे ९४वे कलम प्रथम शाळेचा दाखला पाहते, तो नसेल तर नगरपालिकेची जन्मनोंद, आणि दोन्ही नसतील तरच हाडांची वैद्यकीय तपासणी.

तिने रकान्यात पेन्सिलीने '१२' लिहिले आणि निपाणीच्या शाळेला दाखल्यासाठी अर्ज लिहावयास घेतला. मी बेळगाव सोडले तोवर दाखला आलेला नव्हता.